शेवटच्या युनिटची किंमत

रिकाम्या खोलीत पंखा फिरत राहिला तर किती पैसे वाया गेले, हा हिशेब बहुतेक घरांत एकाच रीतीने होतो. महिन्याचे बिल घ्यायचे, त्यातल्या युनिटांनी भागायचे आणि जो दर येईल त्याने पंख्याच्या युनिटांना गुणायचे. रीत सोपी आहे, पण तिने येणारे उत्तर खरे नसते. कमी वापराच्या घरात ती नासाडी फुगवून सांगते. जास्त वापराच्या घरात, जिथे नासाडी खरोखर महाग पडते, तिथे मात्र ती झाकून ठेवते.

याचे कारण असे की, बिलातली सगळी युनिट एका भावाची नसतात. महावितरणचे घरगुती दर टप्प्यांनी वाढत जातात : पहिली १०० युनिट, मग १०१ ते ३००, मग ३०१ ते ५०० आणि शेवटी ५०० च्या पुढची. २०२४-२५ च्या दरपत्रकात वीज आकार आणि वहन आकार मिळून या टप्प्यांचे दर युनिटमागे अनुक्रमे ५.८८, ११.४६, १५.७२ आणि १७.८१ रुपये होते. त्यावर १६ टक्के वीज शुल्क लागते. म्हणजे खिशातून प्रत्यक्ष जाणारे पैसे ६.८२, १३.२९, १८.२४ आणि २०.६६ रुपये. दर बदलत राहतात, इंधन समायोजन आकार वर-खाली होतो, मुंबईत बेस्ट, अदानी आणि टाटा यांचे दर निराळे आहेत आणि गोव्यात तर वीज बरीच स्वस्त आहे. तेव्हा आपल्या वीज कंपनीचे चालू दरपत्रक पाहून आकडे बदलून घ्यावेत. हिशेबाची रीत बदलत नाही, म्हणून इथे २०२४-२५ चेच दर धरले आहेत.

टप्प्यांविषयी एक भीती घरोघरी ऐकू येते. १०१ वे युनिट पडले की सगळे बिल वरच्या दराने येते, असे लोक समजतात आणि महिनाअखेरीस धास्तावतात. तसे होत नाही. पहिली १०० युनिट पहिल्याच दराने लागतात, वरचा दर फक्त वरच्या युनिटांना लागतो. ही गोष्ट नीट ध्यानात आली की नासाडीच्या हिशेबाची किल्ली हाती येते. वाया गेलेले युनिट बिलातले कितवे? त्याच्यावर काही क्रमांक नसतो. पण प्रश्न असा विचारावा : ते जळले नसते तर बिलातून कोणते युनिट कमी झाले असते? उत्तर नेहमी एकच येते, सगळ्यात वरचे. म्हणून नासाडीला सरासरी दर लावायचा नाही, आपण ज्या टप्प्यात पोचलो आहोत त्याचा दर लावायचा. आणि स्थिर आकार या हिशेबात धरायचाच नाही, कारण दिवा विझवला तरी तो एका पैशाने कमी होत नाही.

महिन्याला ४०० युनिट वापरणारे घर घेऊ. स्थिर आकार सोडून, शुल्कासह त्याचे बिल होते सुमारे ५,१६४ रुपये, म्हणजे सरासरी १२.९१ रुपये युनिट. त्यातली ३० युनिट कुणाच्याही उपयोगी न पडता जळाली असतील, तर सरासरीने नुकसान ३८७ रुपयांचे दिसते. खरे नुकसान ५४७ रुपयांचे आहे. दीडशेहून जास्त रुपये नुसत्या भागाकाराखाली दडून जातात, तेही दर महिन्याला.

याची दुसरी बाजू मला अधिक महत्त्वाची वाटते. एकच नासाडी प्रत्येक घरात वेगळ्या किमतीची असते. १२ वॉट घेणारी एखादी वस्तू अहोरात्र चालू राहिली तर ३० दिवसांत ८.६४ युनिट खाते. चाळीतल्या ज्या खोलीत महिन्याला ८० युनिट लागतात तिथे तिचे ५९ रुपये होतात. दोन खोल्यांच्या फ्लॅटमध्ये, २०० युनिटांच्या आसपास, ११५ रुपये. एसी असलेल्या घरात ४०० युनिटांवर १५८, आणि ५०० च्या पुढे गेलेल्या घरात १७८. तीच वस्तू, तेवढीच वीज, पण किंमत तिप्पट. एवढेच नव्हे, एकाच घरात ऋतूप्रमाणेही हा भाव फिरतो. डिसेंबरात जे घर १५० युनिटांत भागते, तेच मे महिन्यात कूलर किंवा एसीमुळे ३५० वर जाते आणि वर्षभर दुर्लक्षित राहिलेली ती १२ वॉटची वस्तू अचानक सव्वापटीच्याही थोडी वरच्या भावाने वीज घेऊ लागते. मे महिन्याचे बिल आले की आपण एसीकडे बोट दाखवतो, पण वर्षभराच्या छोट्या नासाड्याही त्या महिन्यात महागलेल्या असतात.

भाव ठरला, आता वापर. इथे एक आकडा तोंडपाठ करून ठेवण्याजोगा आहे : ८.७६. वर्षाचे तास ८,७६०, आणि हजार वॉट एक तास वापरले की एक युनिट. म्हणून वर्षभर अखंड चालणारा प्रत्येक वॉट ८.७६ युनिट घेतो. मधल्या टप्प्यातल्या, म्हणजे ३०० युनिटांच्या आतल्या घरात याचे सुमारे ११६ रुपये होतात. सतत चालू असलेल्या वस्तूचे वॉट कळले की एका गुणाकारात वर्षाचा खर्च निघतो.

हा गुणाकार करून पाहिला की घरातल्या कित्येक समजुती उलट्या होतात. मोबाइलचा चार्जर भिंतीत तसाच राहिला म्हणून मुलांना रागे भरणारी घरे पुष्कळ आहेत. आजचा रिकामा चार्जर वॉटचा एखाद-दुसरा दशांश घेतो. पाव वॉट धरला तरी वर्षाला दोन-सव्वादोन युनिट, तीस रुपयांच्या आत. सुरक्षिततेसाठी बटन बंद करायला सांगावे, पण बिलासाठी त्यावर आवाज चढवण्याचे कारण नाही. त्याच घरात देवघरात जुना झीरोचा बल्ब रात्रंदिवस लाल उजेड देत असतो आणि त्याच्याकडे कुणी पाहत नाही, कारण नावातच शून्य आहे. तो बल्ब १२ ते १५ वॉटचा असतो. चकतीच्या जुन्या मीटरला एवढा लहान भार अनेकदा पकडता येत नसे, म्हणून तो फुकट जळतो असा समज रूढ झाला. आजचे इलेक्ट्रॉनिक मीटर तो पकडते. १५ वॉट म्हणजे वर्षाला १३१ युनिट, सुमारे साडेसतराशे रुपये. अर्ध्या वॉटचा एलईडी लावला तर देवघरातला उजेड कायम राहून वर्षाचा खर्च साठ रुपयांच्या आत येतो.

सेट-टॉप बॉक्सची गोष्ट अशीच आहे. रिमोटने तो बंद केला की समोरचा दिवा लाल होतो आणि आपल्याला वाटते काम झाले. बऱ्याच बॉक्समध्ये त्यानंतरही आतले बहुतेक सगळे चालूच राहते आणि १० वॉटच्या आसपास वीज जात राहते. आधुनिक टीव्ही रिमोटने बंद केला की अर्धा-एक वॉट घेतो, त्याच्या शेजारचा हा लहानसा डबा त्याच्या दहापट. दोन्ही एकाच बोर्डावर असतील तर रात्री बोर्डाचे बटन बंद करणे हा सर्वांत सोपा उपाय. दिवसाचे १८ तास बॉक्स बंद राहिला तर १० वॉटच्या हिशेबाने वर्षाला ६५ युनिट वाचतात. एसीचा स्टॅबिलायझर तर पावसाळ्यात आणि हिवाळ्यात, एसी एकदाही लागत नसतानाही, जोडलेला राहतो. ज्या घरात इन्व्हर्टर आहे तिथे जुनी होत चाललेली बॅटरी भरत राहण्याचा खर्चही असतो. बॅटरी जितकी थकलेली, तितकी ती वीज नुसती उष्णता करून टाकते.

आता मोठ्या वस्तू. इथे घोटाळा वेगळा होतो. वस्तूवर लिहिलेले वॉट गुणिले तास, हे गणित पंखा, दिवा, टीव्ही यांना चालते. जिथे आपोआप बंद-चालू होणारी कळ आहे, म्हणजे गीझर, फ्रिज, इस्त्री, एसी, तिथे ते फसते. २००० वॉटचा गीझर तीन तास चालू राहिला की ६ युनिट गेली असे म्हणून घरात आरडाओरडा होतो. प्रत्यक्षात काय होते ते पाहू. एक लिटर पाणी एक अंशाने तापवायला एक किलोकॅलरी लागते आणि एका युनिटात ८६० किलोकॅलरी असतात. १५ लिटरच्या टाकीतले पाणी २५ अंशांवरून ६० अंशांवर न्यायला ५२५ किलोकॅलरी, म्हणजे साधारण ०.६१ युनिट. पाणी तापले की थर्मोस्टॅट वीज तोडतो. त्यानंतर गीझर फक्त टाकीतून बाहेर झिरपणारी उष्णता भरून काढण्यापुरता अधूनमधून चालू होतो. चांगल्या टाकीत हा झिरपा दिवसाला अर्ध्या युनिटाच्या आसपास असतो. तेव्हा तीन तास विसरलेल्या गीझरची नासाडी एक रुपयाच्या आसपास होते. पण तोच गीझर वर्षभर चोवीस तास चालू ठेवायची सवय असेल, आणि अशी घरे आहेत, तर दिवसाला अर्धे युनिट, महिन्याला १५ युनिट, म्हणजे मधल्या टप्प्यात २०० रुपये जातात. विसरणे स्वस्त पडते, सवय महाग पडते.

पंख्याचे उलटे आहे. तो लहान वाटतो, पण त्याला थर्मोस्टॅट नाही. जुना पंखा पूर्ण वेगात ७५ वॉट घेतो. रिकाम्या खोलीत रोज सहा तास फिरला तर महिन्याला साडेतेरा युनिट, १७९ रुपये. शिवाय पंखा हवा थंड करत नाही. तो अंगावरचा घाम वाळवतो, आणि घाम यायला खोलीत माणूस असावा लागतो. खोली गार राहावी म्हणून पंखा लावून बाहेर जाणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावे, त्या खोलीत पंख्याच्या मोटरची उष्णता तेवढी वाढते. भिंतीवर जुना मोठा खोक्यासारखा रेग्युलेटर असेल तर पंखा हळू केल्यावर कमी झालेली बरीचशी वीज त्या खोक्यात तापून जाते. हात लावला की तो कोमट लागतो, तेच त्याचे बिल.

फ्रिजसाठी गुणाकार करायला जाऊच नये. त्यावरच्या ऊर्जा कार्यक्षमता ब्युरोच्या लेबलवर वर्षाची युनिट लिहिलेली असतात, तीच धरावीत. लेबल मात्र नव्या फ्रिजचे असते. दाराचे रबर सैल झाले, मागची जाळी भिंतीला चिकटली, आत बर्फाचा थर साचला की खरा वापर वर सरकतो. दारात कागद धरून दार लावावे, कागद सहज निघून आला तर रबर बदलायला झाले आहे. रबराचा खर्च किरकोळ असतो आणि फ्रिज वर्षातला प्रत्येक दिवस चालतो. एसीबद्दल थोडक्यात : ब्युरोच्या हिशेबाप्रमाणे तापमान एक अंशाने वाढवले की सुमारे ६ टक्के वीज वाचते, आणि २०२० पासून नव्या एसीची मूळ मांडणी २४ अंशांवर ठेवणे बंधनकारक आहे. १८ वर लावून पांघरूण घेऊन झोपणे ही नासाडी आहे. २६ वर लावून पंखा लावणे ही नाही.

इथे एक गोष्ट स्पष्ट म्हणायची आहे. ज्या विजेने कुणाला आराम मिळतो ती नासाडी नव्हे. नागपूर-चंद्रपूरच्या मे महिन्यात रात्रभर चालणारा कूलर, अंधारात पडू नये म्हणून आजीने जिन्यात लावून ठेवलेला दिवा, अभ्यासाच्या टेबलावरचा पंखा, यांच्यावर हिशेबाची छडी उगारू नये. नासाडी म्हणजे जी कुणापर्यंत पोचतच नाही ती. घरातल्या ज्येष्ठांना दिव्यावरून बोलणारी माणसे रात्रभर सेट-टॉप बॉक्स चालू ठेवतात तेव्हा मला वाईट वाटते, कारण आकड्यांनी पाहिले तर दोषी दुसरेच असते.

वस्तू बदलण्याचा विचारही याच हिशेबाने करावा. बीएलडीसी पंखा तीसेक वॉटमध्ये तेवढाच वारा देतो. रोज बारा तास चालणाऱ्या पंख्यात ४५ वॉट वाचले तर महिन्याला सोळा युनिट. नवा पंखा तीन हजारांचा धरला, तर ८० युनिटांच्या घरात तो फिटायला सव्वादोन वर्षे लागतात, २०० युनिटांच्या घरात चौदा महिने आणि ४०० युनिटांच्या घरात दहाच महिने. म्हणून जाहिरातीतला ‘इतक्या महिन्यांत पैसे वसूल’ हा आकडा आपल्या घराला तसाच लागू होत नाही. आणि याचमुळे कमी वापराच्या घरातल्या माणसाला ‘तू अजून जुनाच पंखा वापरतोस’ असे म्हणण्याआधी त्याचे बिल पाहावे.

बाजारात, विशेषतः आठवडी बाजारात आणि ऑनलाइन, प्लगात लावायची एक छोटी पेटी मिळते. ती लावली की बिल तीस-चाळीस टक्क्यांनी उतरते असे सांगतात. आत बहुधा एक कपॅसिटर आणि एक एलईडी असतो. कपॅसिटर पॉवर फॅक्टर सुधारतो हे खरे, आणि कारखान्यांच्या बिलात त्याला किंमत आहे. घरगुती मीटर मात्र किलोवॉट-तास मोजते, पॉवर फॅक्टर सुधारल्याने तो आकडा हलत नाही. उलट त्या पेटीचा एलईडी स्वतःच थोडी वीज खातो. असल्या पेटीवर पैसे घालवू नयेत.

पैशांच्या पलीकडचा एक खर्च बिलावर छापलेला नसतो. महाराष्ट्राची बरीचशी वीज कोळशावर होते, चंद्रपूर, कोराडी, खापरखेडा, भुसावळ, परळी इथे. कोळसा जाळून होणाऱ्या एका युनिटासाठी अर्धा किलोहून जास्त कोळसा लागतो, आणि पाणीही लागते. केंद्रीय पर्यावरण मंत्रालयाने डिसेंबर २०१५ मध्ये कूलिंग टॉवर असलेल्या जुन्या औष्णिक केंद्रांना घालून दिलेली मर्यादा आहे दर मेगावॉट-तासाला ३.५ घनमीटर, म्हणजे एका युनिटाला साडेतीन लिटर. त्याच २०१५ साली मराठवाड्यातल्या दुष्काळात पाण्याअभावी परळीचे वीज केंद्र बंद ठेवावे लागले होते. मर्यादेइतके पाणी धरले तर महिन्याला वाया जाणारी ३० युनिट म्हणजे शंभरावर लिटर पाणी, आणि तेही बऱ्याचदा अशा जिल्ह्यातले जिथे उन्हाळ्यात टँकरची वाट पाहतात. आपल्या नळाचे पाणी वाया गेले तर आपल्याला दिसते. हे दिसत नाही एवढाच फरक.

आपल्या घराचा आकडा काढायला उपकरण विकत घ्यायची गरज नाही. प्लगात लावायचे वॉटमीटर काही शे रुपयांत मिळते आणि एखाद्या सोसायटीने मिळून एक घेतले तर फारच चांगले. पण दारातले वीज मीटरच पुरेसे आहे. त्याच्यावर एक लाल दिवा लुकलुकतो आणि शेजारी एका युनिटाला किती वेळा लुकलुकणार तो आकडा छापलेला असतो, बऱ्याच मीटरवर ३२००. रात्री झोपण्यापूर्वी, फ्रिजचे बटन काही मिनिटे बंद करून आणि बाकी सगळे नेहमीसारखे ‘बंद’ ठेवून, दोन लुकलुकींमधले सेकंद मोजावेत. ३२०० च्या मीटरवर ११२५ ला त्या सेकंदांनी भागले की वॉट मिळतात. दोन लुकलुकींमध्ये ४५ सेकंद गेले तर घर झोपेत २५ वॉट खात आहे. वर्षाला २१९ युनिट, मधल्या टप्प्यात सुमारे २,९०० रुपये. मीटरवर आकडा १६०० असेल तर ११२५ ऐवजी २२५० धरायचे, ६४०० असेल तर ५६२.५.

मग एकेक बोर्ड बंद करत जावे आणि दर वेळी सेकंद पुन्हा मोजावेत. ज्या बोर्डानंतर लुकलुक एकदम मंदावते तिथे शोधायचे आहे. फ्रिज पुन्हा चालू करायला विसरू नये. सगळी बटने बंद असूनही दिवा लुकलुकत राहिला तर शेवटी मेन स्विच खाली पाडावा. तेव्हा तो थांबला तर मेन स्विचच्या पुढे कुठेतरी जोडलेले राहिलेले उपकरण आहे किंवा घरच्या वायरिंगमधून वीज झिरपते आहे. असा झिरपा बिलापेक्षा जिवाला धोकादायक असतो, म्हणून परवानाधारक वायरमनला लगेच बोलवावे आणि घरात आरसीसीबी, म्हणजे वीज झिरपताच पुरवठा तोडणारा स्विच, नसेल तर तेव्हाच बसवून घ्यावा. मेन बंद असूनही लुकलुक सुरूच असेल तर मीटर आणि मेन स्विच यांच्या मधल्या तारेत दोष असू शकतो, किंवा तिथून दुसऱ्या कुणाची जोडणी गेलेली असू शकते. जुन्या वाड्यांत आणि वाटण्या झालेल्या घरांत असे आढळते. तिथे स्वतः हात घालू नये. मीटरचे सील न उघडता वीज कंपनीकडे लेखी तक्रार करावी, तक्रारीचा क्रमांक घ्यावा आणि मेन बंद असताना लुकलुकणाऱ्या मीटरचा तारखेसह व्हिडिओ जोडावा.